तात्सुया नाकादाई यांचा अभिनय कोणत्या मापाने पाहावा?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुम्ही काही वर्षे प्रायोगिक नाटकांत आणि एकांकिका स्पर्धांत कामे करत आहात. कुणीतरी शिफारस केली म्हणून तात्सुया नाकादाई या जपानी नटाचे ‘हाराकिरी’ आणि ‘रान’ हे दोन चित्रपट तुम्ही लागोपाठ पाहिले. पहिल्यात हा माणूस बराच वेळ जागचा हलतही नाही आणि खर्जात बोलत राहतो. दुसऱ्यात तो डोळे विस्फारून, चेहऱ्यावर जाड रंग चढवून माळरानावर भटकतो. दोन्ही कामे तुम्हाला ‘नाटकी’ वाटली. मग त्यांना एवढे मोठे का मानतात, नाटकातून आलेल्या नटाने त्यांच्याकडून काय घ्यावे, आणि रंगभूमी व पडदा या दोन्ही गोष्टी त्यांनी आयुष्यभर कशा सांभाळल्या, असे तुम्ही विचारले आहे. शेवटच्या प्रश्नामागे तुम्हाला नुकतीच झालेली दैनंदिन मालिकेची विचारणा आहे, हेही तुम्ही मोकळेपणाने लिहिले आहे.

नाटकातून आलेल्या नटांना कॅमेऱ्यासमोर काम करायला शिकवणे हा माझा व्यवसाय आहे आणि नाकादाई यांचे प्रसंग मी वर्गात नेहमी दाखवतो, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. माझ्या मते तुमची खरी अडचण नाकादाई यांच्या अभिनयात नसून तो मोजण्यासाठी तुम्ही हातात घेतलेल्या मापात आहे. पडद्यावरचा चांगला अभिनय म्हणजे लहान, दबका, रोजच्या बोलण्यासारखा अभिनय, हे माप आपल्या मनात इतके पक्के बसलेले असते की त्याहून मोठे जे काही दिसेल त्याला आपण ‘नाटकी’ म्हणून मोकळे होतो. नाकादाई यांनी जवळजवळ सत्तर वर्षे पडद्यावर काम केले आणि त्या काळात त्यांनी दिग्दर्शकागणिक माप बदलले. त्यांचे दोनच चित्रपट पाहिले, आणि तेही सगळ्यात मोठ्या मापाचे, तर तुम्ही काढलेला निष्कर्ष निघणारच.

दुसरे असे की हे चित्रपट तुम्ही कशावर पाहिलेत, यावर बरेच अवलंबून आहे. नाकादाई यांचे निम्मे काम आवाजात आहे आणि तो आवाज खालच्या पट्टीतला आहे. मोबाइलच्या स्पीकरवर तो खर्ज ऐकूच येत नाही. उरतो तो फक्त जोर, आणि नुसता जोर कुणाचाही असला तरी कृत्रिमच वाटतो. त्यात आपण उपशीर्षके वाचत असतो, म्हणजे डोळे चेहऱ्याच्या खाली आणि कान अर्धवट. मी वर्गात एखादा प्रसंग आधी उपशीर्षकांसह दाखवतो, नंतर उपशीर्षके बंद करून, आणि तिसऱ्यांदा पडदा झाकून नुसता ऐकवतो. मुलांची मते बहुतेक वेळा त्या तिसऱ्या वेळी बदलतात.

आता त्यांच्या घडणीकडे वळू, कारण तिच्याशिवाय पुढचे समजणार नाही. नाकादाई यांचा जन्म १३ डिसेंबर १९३२ रोजी टोकियोत झाला. वडील बसचालक होते आणि ते मुलगा लहान असतानाच वारले, त्यामुळे बालपण हलाखीत गेले. १९४५ च्या हवाई हल्ल्यांत ते टोकियोतच होते. बॉम्ब पडत असताना एका लहान मुलीचा हात धरून आपण पळत होतो आणि पुढे पाहिले तेव्हा आपल्या मुठीत फक्त तिचा हात उरला होता, अशी आठवण त्यांनी उतारवयातील मुलाखतींत सांगितली आहे. युद्धाविषयीच्या भूमिका त्यांनी इतक्या आतून का केल्या, हे समजायला मला ही एक आठवण पुरेशी वाटते.

१९५२ मध्ये ते ‘हाइयुझा’ या नाट्यसंस्थेच्या प्रशिक्षण विद्यालयात दाखल झाले. कोरेया सेंदा हे या संस्थेचे प्रमुख नाव. सेंदा जर्मनीत राहून आलेले होते, जर्मन नाटककार ब्रेख्तचे अभ्यासक आणि भाषांतरकार होते, आणि नटाचे शरीर व उच्चार यांकडे काटेकोरपणे पाहणारे शिक्षक होते. काबुकी आणि नोह या पारंपरिक प्रकारांपासून अलग होऊन युरोपीय नाटकाच्या वळणाने उभी राहिलेली जी आधुनिक जपानी रंगभूमी, तिची ही शाळा. म्हणजे ज्या नटाला आपण सामुराईच्या वेशात ओळखतो त्याचे मूळ शिक्षण शेक्सपिअर, इब्सेन, चेखव यांच्या वळणाचे होते. कमरेला तलवार लावून चालणे त्यांना घरच्या परंपरेतून मिळालेले नव्हते.

याचा पुरावा त्यांच्या पहिल्याच सामुराईत सापडतो. दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या ‘सेव्हन सामुराई’मध्ये, १९५४ साली, शेतकरी गावासाठी योद्धे शोधत असताना रस्त्यावरून एक तरुण सामुराई चालत जातो. पडद्यावर तो काही क्षणच दिसतो. तो विशीतला नाकादाई. एवढ्याशा चालण्यासाठी कुरोसावांनी त्यांना सकाळपासून दुपार उलटेपर्यंत पुन्हा पुन्हा चालायला लावले, कारण त्यांची चाल सामुराईची वाटत नव्हती. सगळा चमू खोळंबला होता. या माणसाच्या चित्रपटात पुन्हा काम करायचे नाही असे त्या दिवशी आपण मनाशी ठरवले होते, असे नाकादाई पुढे सांगत असत. काही वर्षांनी ‘योजिम्बो’साठी बोलावणे आले तेव्हा त्यांनी आधी नकार दिला. त्यावर कुरोसावा म्हणाले की तो दिवस आपल्याला आठवतो, आणि म्हणूनच तुला बोलावतो आहे.

हा किस्सा मी गंमत म्हणून सांगत नाही. तलवारीच्या वजनाने कंबर खाली जाते, त्यामुळे गुडघे किंचित वाकतात आणि डोके वरखाली न होता एका रेषेत पुढे सरकते. या गोष्टी नाकादाई यांनी नंतर कष्टाने कमावल्या. ‘सेव्हन सामुराई’तले ते काही क्षण आणि ‘हाराकिरी’च्या सुरुवातीला वाड्याच्या फाटकातून आत येणारा हान्शिरो, म्हणजे त्यातले नाकादाई यांचे पात्र, हे दोन तुकडे एकापाठोपाठ एक पाहा. मधल्या आठ वर्षांत एका नटाने स्वतःच्या शरीरावर काय काम केले, ते शब्दांवाचून कळेल.

त्या आठ वर्षांतला सगळ्यात मोठा वाटा मासाकी कोबायाशी या दिग्दर्शकाचा आहे. ‘द ह्यूमन कंडिशन’ हा त्यांचा १९५९ ते १९६१ या काळात तीन भागांत आलेला, एकूण साडेनऊ तासांहून मोठा चित्रपट. जुनपेई गोमिकावा यांच्या कादंबरीवरून केलेला. नाकादाई यांनी साकारलेला काजी हा मांचुरियातल्या, म्हणजे तेव्हा जपानच्या ताब्यात असलेल्या ईशान्य चीनमधल्या, खाणीवर मजुरांना माणसासारखे वागवू पाहणारा आदर्शवादी अधिकारी. पुढे तो सक्तीने सैन्यात जातो, सोविएत फौजांच्या कैदेत पडतो, आणि शेवटी बायकोकडे परतण्याच्या आशेने बर्फातून चालत राहतो. कोबायाशी स्वतः मांचुरियात सैनिक होते आणि त्यांनी बढती नाकारून साधा शिपाई राहणे पसंत केले होते, त्यामुळे हा विषय त्यांच्या जिव्हाळ्याचा होता. पहिल्या भागातला स्वच्छ कपड्यांतला, सरळ मानेचा काजी आणि शेवटच्या भागातला, खांदे गळालेला, स्वतःशीच पुटपुटणारा काजी यांच्यात इतके अंतर आहे, आणि तरीही कोणत्या दृश्यात माणूस बदलला ते बोट ठेवून दाखवता येत नाही. इतक्या लांबीच्या भूमिकेत चढाची मोजणी राखणे म्हणजे काय, ते पाहण्यासाठी याहून चांगले उदाहरण माझ्या माहितीत नाही. तुमच्याकडे मालिकेची विचारणा आहे म्हणून मुद्दाम सांगतो: लांब पल्ल्याची भूमिका रोज थोडी थोडी कशी खर्च करायची, हा धडा तुम्हाला इथे मिळेल.

आता ‘हाराकिरी’. १९६२ चा हा चित्रपट, कथा १६३० सालची. ईई घराण्याच्या वाड्यात एक निर्धन सामुराई येतो आणि तुमच्या अंगणात पोट चिरून मरण्याची परवानगी द्या अशी मागणी करतो. नाकादाई तेव्हा २९ वर्षांचे होते आणि भूमिका लग्नाच्या मुलीच्या बापाची, नातवाला मांडीवर घेतलेल्या आजोबाची होती. त्यांनी वय दाखवण्यासाठी पाठ वाकवली नाही की हात थरथरवले नाहीत. त्यांनी वय आवाजात उतरवले. अंगणाच्या मध्यावर अंथरलेल्या जागेवर तो बसतो, हात मांड्यांवर, भोवती शस्त्रधारी माणसे, समोर ओसरीवर घराण्याचा कारभारी. त्यानंतरचा मोठा भाग तो बसल्या जागी एक हकिकत सांगतो. हालचाल जवळजवळ नाही, म्हणून जी थोडी होते तिला वजन येते. पोट चिरल्यावर आपला गळा उडवण्यासाठी तो ज्या तीन योद्ध्यांची नावे घेतो ते तिघेही त्या दिवशी आजारी असल्याचे कळते, तेव्हा तो हसतो, आणि त्या हसण्यात ऐकणाऱ्याला पहिल्यांदा शंका येते की हा माणूस मरायला आलेला नाही, हिशेब चुकवायला आलेला आहे. पुढे त्या तिघांच्या कापलेल्या शेंड्या तो अंगरख्यातून काढून एकेक करून समोर टाकतो. हाताची ती हालचाल नीट पाहा. तिच्यात राग नाही. सावकाराच्या पुढ्यात देणे मोजून ठेवावे तशी ती आहे, आणि आधीचा तास स्तब्धतेत गेला नसता तर तिचा असा परिणाम झालाच नसता.

तुम्हाला जो आवाज ‘नाटकी’ वाटला, तो चित्रीकरणाच्या वेळीही वादाचा विषय झाला होता, हे कळल्यावर तुम्हाला बरे वाटेल. कारभाऱ्याची भूमिका करणारे रेंतारो मिकुनी हे नाकादाई यांच्याहून जवळपास दहा वर्षांनी मोठे आणि मुळातून चित्रपटाचे नट. नाकादाई यांनीच सांगितल्याप्रमाणे, तुझा आवाज सिनेमासाठी फार मोठा आहे, माइक जवळ असताना रंगमंचावरून फेकल्यासारखे का बोलतोस, अशी हरकत मिकुनींनी घेतली. नाकादाई यांचे म्हणणे असे की या दोन माणसांमधले अंतर मोठे आहे, एक अंगणात आहे आणि एक ओसरीवर, तेव्हा माइक कुठेही असला तरी आवाज त्या माणसापर्यंत पोहोचायला हवा. कोबायाशींनी दोघांपैकी कुणाचीच बाजू घेतली नाही. तुमचे एकमत होईपर्यंत थांबू, असे म्हणून त्यांनी चित्रीकरण थांबवले. प्रत्यक्ष चित्रपटात दोघेही आपापल्या जागी ठाम राहिले आहेत असे मला वाटते, आणि तेच उपकारक ठरले आहे. एकाचा आवाज घराण्याच्या भिंतींना टेकून बसलेल्या माणसाचा, दुसऱ्याचा मोकळ्या अंगणात एकटे बसून सगळ्यांना ऐकवणाऱ्या माणसाचा.

इथे माझे स्वतःचे मत स्पष्ट सांगतो. कॅमेरा जवळ आहे म्हणून आवाज लहान करा, हा सल्ला आपल्याकडे नाटकातून आलेल्या प्रत्येक नटाला पहिल्याच दिवशी मिळतो, आणि तो अर्धाच बरोबर आहे. आवाज कॅमेऱ्याच्या अंतराने ठरू नये. ज्याच्याशी बोलतो आहे त्या पात्राच्या अंतराने ठरावा. शेजारी बसलेल्या बायकोशी बोलताना प्रेक्षागृहाच्या शेवटच्या रांगेचा विचार करणारा नट चुकतोच, पण अंगणापलीकडच्या माणसाशी बोलताना माइकचा विचार करून पुटपुटणाराही तितकाच चुकतो. माझ्या वर्गात या चुकीचे प्रमाण हल्ली पहिलीपेक्षा जास्त दिसते.

नाकादाई यांना लहान माप येतच नव्हते, ही शंका मनात राहू नये म्हणून तुम्ही मिकिओ नारुसे यांचा ‘व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स’ हा १९६० चा चित्रपट जरूर पाहावा. टोकियोतल्या गिन्झा भागातल्या एका बारमध्ये काम करणाऱ्या विधवेची ही कथा. ती भूमिका हिदेको ताकामिने यांची. नाकादाई तिथले व्यवस्थापक आहेत, तिच्यावर मनातून प्रेम करणारे आणि तरी हिशेबाच्या वह्या, उधारी, गिऱ्हाइके यांच्यापलीकडे फारसे न बोलणारे. नारुसे नटांना जवळजवळ काहीच सूचना देत नसत आणि चेहऱ्यावरचे हावभाव कमी करा एवढेच सांगत, अशी त्यांची ख्याती होती. या चित्रपटात नाकादाई यांचे डोळे, जे इतरत्र पडदा भरून टाकतात, ते बहुतेक वेळ खाली किंवा बाजूला असतात. तारखा पाहा: काजीची भूमिका अजून चालूच होती, ‘द ह्यूमन कंडिशन’चा दुसरा भाग आणि तिसरा भाग यांच्या मधल्या काळात हा चित्रपट आला आहे. तोच नट, तेच वर्ष, आणि माप पूर्ण वेगळे.

कुरोसावांच्या तीन चित्रपटांत, लागोपाठच्या तीन वर्षांत, हाच प्रकार आणखी ठळकपणे दिसतो. ‘योजिम्बो’ (१९६१) मध्ये ते पिस्तूल बाळगणारा, गळ्यात मफलर गुंडाळलेला तरुण गुंड आहेत. नायकाच्या भूमिकेतले तोशिरो मिफुने सतत खांदे उडवत, दाढी खाजवत वावरतात, म्हणून नाकादाई यांनी उलट गुळगुळीत, सापासारखी हालचाल निवडली. ‘सांजुरो’ (१९६२) मध्ये ते मिफुनेंच्या तोडीस तोड असलेला योद्धा आहेत. शेवटी दोघे समोरासमोर उभे राहतात, बराच वेळ कुणीच हलत नाही, आणि मग एकाच घावात सगळे संपते. रक्ताची जी चिळकांडी उडते ती नाकादाई यांच्या अंगावर बसवलेल्या नळीतून आली होती आणि तिचा दाब सगळ्यांच्या अपेक्षेपेक्षा फार जास्त निघाला; तरीही ते भूमिकेतून बाहेर आले नाहीत, म्हणून तो टेक जसाच्या तसा चित्रपटात आहे.

तिसरा ‘हाय अँड लो’ (१९६३), आणि शिकणाऱ्या नटासाठी तिघांत तोच सर्वांत मोलाचा. अपहरणाचा तपास करणारे पोलीस अधिकारी तोकुरा ही त्यांची भूमिका. पहिला जवळजवळ तासभर भाग एका उद्योगपतीच्या दिवाणखान्यात घडतो. अपहरणकर्ता खालच्या वस्तीतून घरावर नजर ठेवून आहे, त्यामुळे तो पडदे उघडायला सांगतो तेव्हा पोलिसांना जमिनीवर झोपून लपावे लागते. बोलण्याचे काम उद्योगपती झालेल्या मिफुनेंकडे आहे. नाकादाई यांच्याकडे आहे ते ऐकण्याचे काम. स्वतःच्या मुलाचे नव्हे तर चालकाच्या मुलाचे अपहरण झाले आहे, आणि तरी खंडणी द्यायची की नाही, या पेचात सापडलेल्या माणसाकडे हा अधिकारी आधी व्यवसायाच्या नजरेने पाहतो आणि हळूहळू आदराने पाहू लागतो. हा बदल सांगणारे वाक्य त्याला फार उशिरा मिळते. तोवर सगळे त्याच्या उभे राहण्यात आणि ऐकण्यात आहे. माझ्याकडे येणाऱ्या नटांना मी हा भाग पाहून एकच टिपण करायला सांगतो: कोणत्या वाक्याला तोकुराची नजर उद्योगपतीकडे जाते आणि कोणत्या वाक्याला ती तिथून निघते.

मधल्या कामांची यादी मी करत बसत नाही, ती मोठी आहे. किहाची ओकामोतो यांच्या ‘द सोर्ड ऑफ डूम’ (१९६६) मध्ये माणसे मारण्यातच आयुष्य संपवणारा, रिकाम्या डोळ्यांचा तलवारबाज. त्याच वर्षी हिरोशी तेशिगाहारा यांच्या ‘द फेस ऑफ अनदर’ मध्ये अपघातात चेहरा गमावून मुखवटा घातलेला माणूस. आणि दोनच वर्षांनी पुन्हा ओकामोतोंच्याच ‘किल!’ मध्ये पोटापाण्यासाठी वणवण करणारा, हलकाफुलका, विनोदी माजी सामुराई. पहिला आणि तिसरा चित्रपट एकाच दिग्दर्शकाचे आहेत, हे लक्षात ठेवून पाहा.

यानंतर ‘रान’कडे या. १९८० च्या ‘कागेमुशा’मध्ये मूळ नट शिंतारो कात्सू यांचे आणि कुरोसावांचे चित्रीकरण सुरू होतानाच बिनसले आणि ती दुहेरी भूमिका नाकादाई यांच्याकडे आली, त्या चित्रपटाला कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळाले. ‘रान’ १९८५ चा. राजा लिअरच्या कथेचे हे जपानी रूप. बावन्न वर्षांच्या नटाला सत्तरी ओलांडलेला हिदेतोरा करायचा होता. कुरोसावांनी त्याचा चेहरा नोह नाटकाच्या मुखवट्यांवरून बेतला होता आणि रंगभूषेला रोज काही तास लागत. नोहमध्ये मुखवटा बदलत नाही. मान किती झुकते आणि उजेड कसा पडतो यांतून भाव बदलतो. तुम्हाला जे ‘डोळे विस्फारणे’ वाटले ते त्या पद्धतीचे आहे. आधी चेहरा एका ठरावीक आकारात बांधून घेतला आणि मग त्याला मान, खांदे, चाल यांनी फिरवले. हे माप तुम्हाला आवडणार नाही, असे होऊ शकते, आणि त्यात गैर काही नाही. मात्र तो संयमाचा अभाव नसून कमालीचा संयम आहे, एवढे तरी मान्य करावे लागेल.

त्यातला किल्ला जळण्याचा प्रसंग पुन्हा एकदा पाहा. युद्धाचे सगळे आवाज काढून टाकून त्या जागी तोरू ताकेमित्सु यांचे संगीत ठेवले आहे, ते एका गोळीच्या आवाजाबरोबर तुटते. आत हिदेतोरा आत्महत्येसाठी शस्त्र शोधतो आणि त्याला ते मिळत नाही. मग तो जळत्या बुरुजातून बाहेर येतो आणि पायऱ्या उतरू लागतो. फुजी पर्वताच्या उतारावर उभारलेला तो किल्ला खरोखर पेटवला होता. दुसरा टेक शक्य नव्हता. मागून आगीची धग, समोर अरुंद उंच पायऱ्या, अंगावर लांब वस्त्रे, आणि पात्र असे की ज्याने खाली पाहणे शक्य नाही, कारण त्याला समोरचे काहीच दिसेनासे झाले आहे. पाय पायरी शोधतो आहे हे डोळ्यांना कळू न देता ते उतरतात, आणि खाली उभ्या असलेल्या दोन फौजा त्यांना वाट करून देतात. सकाळपासून दुपारपर्यंत एकच चाल चालायला लावलेला तो विद्यार्थी इथे पोहोचला होता.

दूरदर्शनवरचे त्यांचे काम आपल्याकडे फारसे कुणी पाहिलेले नसते, आणि तुमच्या प्रश्नाच्या दृष्टीने ते महत्त्वाचे आहे. जपानच्या एनएचके वाहिनीवर वर्षभर चालणारी भव्य ऐतिहासिक मालिका दरवर्षी येते. १९७२ च्या ‘शिन हेइके मोनोगातारी’मध्ये ते मुख्य भूमिकेत, ताइरा नो कियोमोरी होते. १९९६ च्या ‘हिदेयोशी’मध्ये ते चहाविधीचे आचार्य सेन नो रिक्यू होते. २००७ च्या मालिकेत त्यांनी ताकेदा शिंगेनचा हद्दपार झालेला बाप साकारला. म्हणजे ‘कागेमुशा’त ज्या सरदाराची भूमिका केली, त्याच्याच बापाची.

मला स्वतःला मात्र त्यांचे सर्वांत हृद्य दूरदर्शन काम १९९५ च्या ‘दाइची नो को’ या मालिकेत वाटते. तोयोको यामासाकी यांच्या कादंबरीवरची ही कथा, युद्ध संपताना मांचुरियात मागे राहिलेल्या आणि चिनी शिक्षकाने वाढवलेल्या एका जपानी मुलाची. नाकादाई त्याचे जन्मदाते वडील आहेत, पोलाद कंपनीच्या कामासाठी चीनमध्ये आलेले. बाप आणि मुलगा एकाच कारखान्याच्या उभारणीवर एकमेकांना न ओळखता काम करत असतात. पस्तीसेक वर्षांपूर्वी ज्या नटाने काजी होऊन मांचुरियाच्या बर्फात जीव सोडला होता, तोच आता त्याच भूमीवर आपले मूल शोधणारा बाप झाला. या भूमिकेत ‘हाराकिरी’चा खर्ज नाही, ‘रान’चे डोळे नाहीत. कार्यालयात बसणारा, अदबीने बोलणारा, शोक आत दाबून ठेवायची सवय झालेला एक वयस्क माणूस आहे. घरातल्या छोट्या पडद्याचे माप त्यांनी नेमके ओळखले होते.

आता तुमचा शेवटचा प्रश्न. १९५३ मध्ये जपानमधल्या पाच मोठ्या चित्रपट कंपन्यांनी आपसांत करार करून एकमेकांचे नट आणि दिग्दर्शक पळवायचे नाहीत असे ठरवले. त्यामुळे करारबद्ध नटाला दुसऱ्या कंपनीत काम करणे फार अवघड झाले. नाकादाई यांनी कोणत्याही कंपनीशी असा एकनिष्ठेचा करार केला नाही. वर्षातले साधारण सहा महिने नाटक आणि सहा महिने चित्रपट, अशी वाटणी त्यांनी ठेवली. शोचिकुमध्ये कोबायाशी, तोहोमध्ये कुरोसावा आणि नारुसे, दाइएमध्ये कोन इचिकावा, असे सगळीकडे काम करता आले ते यामुळेच. करार केला असता तर मापांची ही विविधता त्यांच्या वाट्याला आलीच नसती.

पण याचे अनुकरण करण्यापूर्वी परिस्थितीतला फरक ओळखायला हवा. त्यांच्या पाठीशी ‘हाइयुझा’सारखी सुसंघटित संस्था होती, जी नटांच्या चित्रपटांतल्या तारखा नाटकाच्या वेळापत्रकाशी जुळवत असे आणि ज्या संस्थेला त्या नटांच्या कमाईचा आधारही होता. आपल्याकडे प्रायोगिक नाटकाच्या गटाकडे अशी यंत्रणा बहुधा नसते, आणि दैनंदिन मालिका महिन्यातले वीस-बावीस दिवस घेते. तुमच्या घरची गरज काय आहे, तुमचा गट तालमी रात्री ठेवू शकतो का, करार किती काळाचा आहे, या गोष्टी मला माहीत नाहीत आणि उत्तर त्यांच्यावरच ठरेल. पैशांची निकड असेल तर मालिका घ्या. त्याबद्दल अपराधी वाटून घेऊ नका. करार करताना मात्र मानधनाइतकाच जोर दोन गोष्टींवर द्या: नाटकाच्या प्रयोगांसाठी ठरावीक दिवस मोकळे मिळतील हे लेखी घ्या, आणि मालिका लांबली तर तुम्हाला बाहेर पडण्याची वाट कोणती, हे वकिलाकडून वाचून घ्या. तोंडी आश्वासने चित्रीकरण सुरू झाल्यावर टिकत नाहीत, हे मी माझ्या अनेक विद्यार्थ्यांच्या बाबतीत पाहिले आहे.

नाकादाई यांनी नाटकाचा अर्धा हिस्सा शेवटपर्यंत सोडला नाही. १९७५ मध्ये त्यांनी पत्नी यासुको मियाझाकी यांच्यासह ‘मुमेइजुकु’ ही अभिनयशाळा सुरू केली. मियाझाकी स्वतः अभिनेत्री, लेखिका आणि दिग्दर्शिका होत्या. मोजके विद्यार्थी निवडायचे आणि शिकवण्याचे शुल्क घ्यायचे नाही, असा तिथला नियम. महापालिकेच्या कचेरीत नोकरी करणारा एक तरुण या शाळेत आला. त्याला कचेरीवरूनच याकुशो हे नाव नाकादाई यांनी दिले. ते कोजी याकुशो, ज्यांना २०२३ मध्ये कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे पारितोषिक मिळाले. शाळेचे नोतो द्वीपकल्पाशी जुने नाते होते. तिथे १९९५ मध्ये उभ्या राहिलेल्या नाट्यगृहाची मागची भिंत उघडली की रंगमंचामागे खरे डोंगर दिसतात. २०१५ मध्ये नाकादाई यांना जपानचा संस्कृती सन्मान मिळाला. २०२४ च्या नोतो भूकंपानंतर, २०२५ मध्ये, ९२ व्या वर्षी त्यांनी त्याच नाट्यगृहात ब्रेख्तच्या ‘मदर करेज’ची भूमिका केली, आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये त्यांचे निधन झाले.

पाहण्याचा क्रम विचाराल तर मी असा सुचवेन. आधी ‘हाय अँड लो’, कारण तो आजच्या डोळ्यांना परका वाटत नाही. मग नारुसेंचा चित्रपट. त्यानंतर ‘द ह्यूमन कंडिशन’, तीन वेगवेगळ्या दिवशी, घाई न करता. मग पुन्हा ‘हाराकिरी’, या वेळी हेडफोन लावून. ‘सांजुरो’ आणि ‘किल!’ मधे कुठेही चालतील. ‘रान’ सर्वांत शेवटी आणि शक्य असेल तर एखाद्या फिल्म सोसायटीच्या मोठ्या पडद्यावर. तोवर थांबायची तयारी ठेवा.

सोबत एक अभ्यास करा. तुमच्या चालू नाटकातले एक स्वगत घ्या आणि ते तीन अंतरांवर उभ्या असलेल्या खऱ्या माणसाला ऐकवा: हाताच्या अंतरावर, खोलीच्या दुसऱ्या टोकाला, आणि मोकळ्या पटांगणात पंचवीस-तीस पावलांवर. तिन्ही वेळा फोन तुमच्या चेहऱ्याजवळ ठेवून चित्रीकरण करा. पटांगणातल्या चित्रीकरणात गळ्याच्या शिरा ताणलेल्या दिसल्या तर आवाज छातीतून येत नाही, एवढे समजा आणि आधी त्यावर काम करा. ते तुकडे आणि कराराचा मसुदा, त्यातली नावे व रकमा झाकून, इथे टाकलात तर पुढचे बोलता येईल.